डोंगरवारभाऊंचा माइक

मागच्या उन्हाळ्यात डोंगरवारभाऊ गेले. दहाव्याला जमलेली मंडळी त्यांच्याबद्दल जे बोलत होती ते ऐकून मला राग येत होता. देवमाणूस, कुणाच्या अध्यात ना मध्यात, कुणाला कधी नाही म्हणाले नाहीत, वगैरे. माणूस गेला की आपल्याकडे त्याला धुऊन इस्त्री करून ठेवतात. त्यांची एकुलती एक मुलगी शिल्पा हैदराबादहून आली होती आणि भिंतीला टेकून बसली होती. कुणी 'देवमाणूस' म्हटलं की बाकीच्यांच्या माना हलायच्या, तिची हलत नव्हती. मला ते बरं वाटलं. भाऊ देवमाणूस नव्हते. हट्टी होते, आपल्याच तंद्रीत असायचे, आणि जे बोलायला हवं ते सोडून बाकी सगळं बोलायचे. मी बावीस वर्षं त्यांच्या हाताखाली काढली, पोटापुरती विद्या त्यांच्याकडूनच शिकलो, तेव्हा एवढं म्हणायचा हक्क मला आहे.

मूळचे ते गोंदियाकडचे, धानाची शेती करणाऱ्या घरातले. भिलाईला स्टील प्लांटच्या टेलिफोन खात्यात लागले आणि तिथेच निवृत्त झाले. आमचं काम बाहेरच्या माणसाला सांगून पटत नाही. मिलमध्ये आवाज इतका असतो की शेजारी उभ्या असलेल्या माणसाशी बोलायचं तरी त्याच्या कानाला तोंड लावावं लागतं. क्रेनवर बसलेला आणि खाली उभा असलेला यांचं बोलणं एकमेकांपर्यंत पोचलं नाही, तर कुणाचा तरी पाय जातो. ते बोलणं पोचवायची जबाबदारी आमची. फोन, इंटरकॉम, भोंगे, सगळं आमच्याकडे.

खात्यात एक रीत होती. आमच्या आधीच्या लोकांनी पाडलेली, पण पाळावी तर भाऊंनीच. तक्रार आली की आधी आपलं टोक तपासायचं, मग मधली लाइन, आणि सगळ्यात शेवटी समोरचं टोक. समोरच्या माणसाला 'तुझ्याकडे बिघाड आहे' असं म्हणायच्या आधी पहिली दोन्ही तीन-तीनदा बघायची. घाईने समोरच्यावर बोट दाखवलं आणि बिघाड आपल्याकडे निघाला, तर ती गोष्ट कँटीनमध्ये वर्षभर पुरायची.

एकदा एका कंट्रोल रूमचा ऑपरेटर आठवडाभर बोंबलत होता, माझा आवाज कुणाला जात नाही म्हणून. मी नवा होतो. त्याच्या मिशीला लागलेल्या चुऱ्यावरूनच मला कळलं होतं काय झालंय ते, पण भाऊंनी मला एक्सचेंजपासून सुरुवात करायला लावली. दोन दिवस आम्ही केबलच्या मागे उकाड्यात फिरलो. तिसऱ्या दिवशी भाऊंनी त्याच्या हातातला रिसीव्हर घेतला, तोंडाकडची जाळी फिरवून उघडली आणि टेबलावर उलटी केली. आतून चिमूटभर खर्रा पडला, सुपारी-तंबाखूचा चुरा.

"हे पाय," भाऊ त्याला म्हणाले, "तू बोलून राहिला बरोबर, पण सुपारीशी बोलून राहिला."

मी बाहेर आल्यावर चिडून म्हणालो, "भाऊ, हे तर पहिल्याच दिवशी दिसत होतं."

"मले बी दिसत होतं," ते शांतपणे म्हणाले. "पण रीत म्हणजे रीत. समोरच्याचं टोक शेवटी."

दिसायला काडी. शर्टाच्या खिशात टेस्टर, पेनाच्या जागी. बोलायला सुरुवात केली की आधी विचारणार, "आवाज येऊन राहिला ना?" समोरासमोर, हातभर अंतरावर बसलेल्या माणसालाही. आणि कुठल्याही गोष्टीचा शेवट एकाच शब्दात. खात्याच्या वहीत दुरुस्तीनंतर 'लाइन नॉर्मल' असं लिहायचं असतं, तो शब्द त्यांच्या तोंडात कायमचा बसला होता. जेवण कसं झालं? नॉर्मल. भाची पळून गेली म्हणे? आता नॉर्मल आहे. वहिनी त्यांना चिडवायच्या, "लग्नाच्या दिवशी बी हेच म्हटलं होतं यांनी, माझं तोंड पायल्यावर."

वहिनी आजारी पडल्या तेव्हा शिल्पाला हैदराबादेत नोकरी लागून तीनच महिने झाले होते. ट्रेनिंग संपत आलं होतं आणि शेवटची परीक्षा डोक्यावर होती. वहिनींना ताप म्हणून नेलं आणि दुसऱ्या दिवशी आयसीयूत हलवलं. शिल्पा रोज संध्याकाळी फोन करायची. दवाखान्याच्या व्हरांड्यात मी भाऊंच्या शेजारी बसलेलो असायचो. ते उभे राहायचे, भिंतीकडे तोंड करायचे आणि म्हणायचे, "सगळं नॉर्मल आहे. तू अभ्यास कर." वहिनी आतून सारख्या म्हणत होत्या, पोरीशी बोलू द्या. "उद्या लावून देतो," असं तीन दिवस चाललं. चौथ्या दिवशी सकाळी वहिनी गेल्या.

आयुष्यभर दुसऱ्यांचे फोन लावून देणाऱ्या माणसाने आपल्या घरचा एक फोन लावला नाही. मी तिथेच होतो आणि मीही त्यांच्या हातातून फोन हिसकावला नाही, हेही इथे लिहून ठेवतो.

शिल्पा आली ती थेट घाटावर. रात्री सगळे पांगल्यावर तिने एकच विचारलं, "आईने मला बोलावलं होतं का?" भाऊ म्हणाले, "तुझी परीक्षा होती ना." तेरावं झाल्यावर ती निघून गेली. त्यानंतर तिने त्यांचा फोन उचलला नाही. मेसेज केला तर एका शब्दाचं उत्तर यायचं, 'ठीक'. कधी तेही नाही.

पुढे भाऊ निवृत्त झाले, सेक्टरातलं कंपनीचं क्वार्टर सोडून भिलाईतच कोहक्याला बांधलेल्या दोन खोल्यांच्या घरात एकटे राहायला गेले. मी जवळच, जुनवानीला. आठवड्यातून दोनदा तरी जाणं व्हायचं. वर्षभर त्यांनी शिल्पाचं नावही काढलं नाही, आणि एके दिवशी मी चप्पल काढतोय तोच विचारलं, "लीलाधर, मोबाइलच्या खेळात बोलता येते म्हणे. तुले माईत आहे काय?"

पुतण्याने त्यांना सांगितलं होतं की शिल्पा दर रविवारी दुपारी ऑफिसातल्या एका मैत्रिणीबरोबर कसलासा खेळ खेळते आणि खेळता खेळता त्या दोघी तास-दोन तास गप्पा मारतात. विमानातून बेटावर उड्या मारायच्या, बंदुका शोधायच्या, बाकीच्यांना मारून शेवटपर्यंत उरायचं, असा तो खेळ. चौघांपर्यंतची टोळी करता येते आणि टोळीतल्यांना एकमेकांचा आवाज जातो. भाऊंना बंदुकीत काही रस नव्हता. त्यांना फक्त त्या टोळीत शिरायचं होतं.

महिनाभरात त्यांनी त्या बोलण्याच्या सोयीचा असा फडशा पाडला की काय सांगावं. आवाज जात नसेल तर पहिल्यांदा काय बघायचं, त्यांच्या वहीत क्रमाने लिहिलेलं: फोनने खेळाला माइक वापरायची परवानगी दिली आहे का? दुसरं कुठलं ॲप माइक धरून बसलंय का? आवाज फक्त आपल्या टोळीला ठेवलाय की मैदानातल्या सगळ्यांना? बोलताना बटण दाबून धरायचं ठेवलंय का? हेडफोन नेमका कुठल्या फोनला जोडलाय? खेळायला मात्र त्यांना मरेपर्यंत आलं नाही. बेटावर उतरले की पहिलं घर दिसेल त्यात घुसायचे, न्हाणीघरात जाऊन उभे राहायचे आणि माइक तपासत बसायचे. दोन मिनिटांत कुणीतरी येऊन गोळी घालायचं. त्याचंही त्यांना काही वाटत नसे, कारण त्या खेळात मेल्यावरही टोळीशी बोलता येतं. "सोय चांगली केली आहे," ते म्हणायचे.

गल्लीत बातमी पसरली. लोक मोबाइल घेऊन यायला लागले. आमच्याकडची एक मल्याळी नर्स केरळातल्या भावाबरोबर खेळायची, तिचा आवाज जात नव्हता, तो भाऊंनी दहा मिनिटांत लावून दिला. एक रिटायर्ड फोरमन, साहूजी, सारखे ओरडायचे, "डोंगरवारजी, मेरे को कुछ सुनाई नहीं देता!" भाऊंनी शोधून काढलं की साहूजींचा बिनतारी हेडफोन बायकोच्या फोनला जोडलेला आहे, आणि त्यांचे कान हेडफोनने झाकलेले असताना खेळातला गोळीबार मोबाइलच्या स्पीकरवर लागून स्वयंपाकघरात ऐकू जातोय. साहूबाई आठवडाभर वाटाणे सोलता सोलता युद्ध ऐकत होत्या आणि टीव्ही चालू राहिला समजून नवऱ्याला शिव्या देत होत्या. त्या दिवशी भाऊ वहिनी गेल्यानंतर पहिल्यांदा मोठ्याने हसले.

मग त्यांनी शिल्पाला मेसेज केला, 'मी पण तो खेळ शिकलो. टोळीत घेशील काय?' दोन दिवसांनी उत्तर आलं, 'रविवार. ३ वाजता. कोड पाठवते.' तो मेसेज त्यांनी मला चार वेळा दाखवला.

त्या रविवारी मी त्यांच्या शेजारी होतो. हेडफोनचं एक टोक त्यांनी माझ्या कानात दिलं होतं.

"हॅलो. शिल्पा. आवाज येऊन राहिला काय?"

"येतोय बाबा." दीड वर्षाने ती त्यांना बाबा म्हणाली.

"किती येऊन राहिला? दहापैकी सांग."

"…आठ."

"आठ कावून? दोन कुठं गेले? थांब तू."

आणि चाळीस मिनिटं त्या माणसाने आठाचे दहा करण्यात घालवली. खिडकी लावली, पंखा बंद केला, माइकला सुती रुमाल गुंडाळला. ती आठ, साडेआठ, नऊ सांगत राहिली. शेवटी म्हणाली, "बाबा, मला जायचंय." भाऊंनी हेडफोन काढला आणि समाधानाने मला म्हणाले, "नऊपर्यंत आणला."

दुसरा रविवार आवाजातली घरघर कुठून येते ते शोधण्यात गेला. तिसऱ्या रविवारी तिने स्वतःच विचारलं, "बाबा, तुम्हाला मला काही सांगायचं आहे का?" भाऊ म्हणाले, "हो. तुह्याकडून माहाच आवाज मले वापस येऊन राहिला. स्पीकर बंद कर, हेडफोन लाव."

चौथ्या रविवारपासून त्यांचा आवाज तिकडे जाईना.

त्यांना तिचं सगळं ऐकू यायचं. ती मैत्रिणीशी बोलायची, हसायची, 'पीछे देख, पीछे' म्हणून ओरडायची. भाऊ इकडून हॅलो हॅलो करायचे आणि कुणी ओ द्यायचं नाही. आमच्या भाषेत हा एकतर्फी बिघाड. येणारं येतं, जाणारं जात नाही. भाऊंनी रीतीप्रमाणे आपल्या टोकापासून सुरुवात केली. पावर हाउसच्या बाजारात जाऊन नवा हेडफोन आणला, मग दुसरा. खेळ काढून परत टाकला. मला जुनवानीहून टोळीत घेतलं, माझ्याकडे आवाज दहापैकी दहा. मग मधली लाइन. इंटरनेटवाल्या माणसाला त्यांनी तीनदा खांबावर चढवलं. तो बिचारा शेवटी त्यांचा नंबर दिसला की उचलेनासा झाला.

मला पहिल्याच आठवड्यात शंका आली होती. मी शिल्पाला फोन केला. ती मला लहानपणापासून काका म्हणते.

"मैंने ही म्यूट किया है, काका," ती म्हणाली. "माझ्या मैत्रिणीने पण केलंय. ते बोलले तरी आम्हाला ऐकू येत नाही."

"अगं, ते वायरी बदलत बसलेत."

"बसू द्या. तीन संडे मी वाट पाहिली. एक वाक्य बोलायचं होतं त्यांना. एकच. त्यांनी मला नंबर विचारले, दहापैकी किती." मग म्हणाली, "माझा माइक मी चालू ठेवते. त्यांना माझा आवाज ऐकू येऊ दे. इतनी भी बुरी नहीं हूँ मैं. पण हे त्यांना सांगू नका."

मी सांगितलं नाही. एकदा फक्त आडून म्हणालो, "भाऊ, आता समोरचं टोक बघा ना."

ते माझ्यावर असे उखडले की बस. "पोरीवर बोट दाखवू? ते काई करून राहिली नाई तिकडे. बावीस वर्षं काय शिकला बे तू?"

मला त्या क्षणी त्यांचा खरोखर तिरस्कार वाटला. क्रेन, केबल, जाळी, सगळीकडे आपली चूक आधी शोधणारा हा माणूस, आणि पोरीच्या बाबतीत त्याला फक्त हेडफोनची पिन दिसत होती.

असे चार महिने गेले. दर रविवारी तीन वाजता ते तयार होऊन बसायचे. अंघोळ करून, धुतलेला शर्ट घालून. ती फोडणीबद्दल बोलते, घरमालकाबद्दल बोलते, तिला सर्दी झालीय, हे सगळं ते मला सांगायचे. मी म्हणायचो, बरं.

एका रविवारी मी गेलो तेव्हा त्यांची तपासणी चालू होती. हॅलो, एक, दोन, तीन. उत्तर नाही. ते खांदे पाडून बसले. मला वाटलं आता हेडफोन काढतील. पण ते बोलायला लागले, हळू, माइककडेही न बघता.

"शिल्पा, तुही माय तुले बोलावून राहिली होती. तिन्ही दिवस. मी फोन लावला नाई. परीक्षा-बिरीक्षा काई नाई. मी भेलो. तुले बोलावलं असतं, तर तुही माय जाणार हे खरं झालं असतं. म्हणून नाई बोलावलं. चुकलो मी. तुहं अन् तिचं बोलणं मी खाल्लं."

नेहमीप्रमाणे माझ्या कानात दिलेल्या टोकातून मला शिल्पा ऐकू येत होती. कुठल्याशा घराच्या छतावर तिला चांगली बंदूक सापडली होती आणि ती मैत्रिणीला त्याबद्दल सांगत होती.

भाऊंनी हेडफोन काढून ठेवला. माझ्याकडे न बघता म्हणाले, "लाइन मेली आहे म्हणून बोललो. चहा घेतो काय?"

मी घरी पोचायच्या आधी, रस्त्यात स्कूटर थांबवून शिल्पाला फोन केला. शब्दन् शब्द सांगितला. तिने विचारलं, "भेलो म्हणाले? बाबा?"

"हो."

"पुढच्या संडेला म्यूट काढते. पण काका, तुम्ही त्यांना काही सांगायचं नाही. तुम्ही सांगितलं म्हणून बोलले, असं मला नको आहे. त्यांच्या तोंडून ऐकायचंय."

मी कबूल केलं. आजही मला कळत नाही, त्या पोरीचा शब्द पाळण्यात मी शहाणपणा केला की मूर्खपणा. मूर्खपणाच असावा.

पुढच्या रविवारी मी अडीचलाच कोहक्याला जाऊन बसलो. भाऊंनी सकाळीच पावर हाउसहून हेडफोनची नवी जॅक आणून स्वतः सोल्डरचा डाग दिला होता. खोलीत अजून त्याचा वास होता. तीन वाजले. कोड आला. ते टोळीत शिरले.

"हॅलो. शिल्पा. आवाज येऊन राहिला काय?"

"येतोय बाबा."

त्यांनी झटकन माझ्याकडे पाहिलं. डोळे भरून आले होते. माझा दंड त्यांनी इतका घट्ट धरला की दुखलं. मी मान हलवून खुणावलं, बोला, आता बोला.

"दहापैकी?" ते म्हणाले.

"दहा, बाबा. पूर्ण दहा. बोला ना. मी ऐकतेय. मैत्रीण पण नाहीये आज, मी एकटीच आहे."

"म्हणजे जॅकच होती!" भाऊ मला म्हणाले, मग तिला. "अवं, मी तुले का सांगू, चार महिने मी वायर बदलून राहिलो, राउटर बदलून राहिलो, अन् दोष निघाला जॅकमधी. जॅकले चार पट्टे असतात. तीन पट्ट्याची लावली तर ऐकू येते, पण माइक लागत नाई…"

"बाबा," ती म्हणाली.

"ऐक ना, गंमत ऐक. लीलाधर म्हणे समोरचं टोक पाहा. म्या म्हटलं, नाई! आधी आपलं. अन् पाय, आपल्याकडेच निघालं."

मी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. त्यांनी तो बाजूला केला आणि बोट ओठांवर ठेवून मला गप्प केलं. मी त्यांना इतकं आनंदात वहिनी असतानाही पाहिलं नव्हतं. डाग कसा दिला, तांब्याची तार कशी काळी पडली होती, इंटरनेटवाला कसा गाढव आहे, एकेक गोष्ट. ती मध्ये मध्ये 'हं' म्हणत होती. मग 'हं' यायचं थांबलं. मी घड्याळ बघत होतो, वीस मिनिटं झाली होती.

पडद्याच्या कोपऱ्यात टोळीतल्यांची नावं असतात आणि प्रत्येक नावापुढे माइकचं छोटं चित्र. चार महिने शिल्पाच्या नावापुढचं चित्र पांढरं होतं. मी बघत असतानाच ते लाल झालं आणि त्यावर आडवी रेघ आली. तिने आपला माइक बंद केला होता. आता तिचाही आवाज त्यांना येणार नव्हता.

भाऊंना ते दिसलं नाही. बोलताना ते कधीच पडद्याकडे बघत नसत, डोळे मिटून घेत.

मी उठलो. दारात चपला घालताना त्यांनी एक डोळा उघडून हात वर केला, थांब, पोरीशी बोलून राहिलो, अशा अर्थाने. मी त्यांना शेवटचं पाहिलं ते तसं; त्यानंतर माझं पाऊल तिकडे वळलं नाही. पंधरा दिवसांनी त्यांचा शेजारी मला फोन करणार होता. गेटची कडी लावली तरी खिडकीतून त्यांचा आवाज स्वच्छ येत होता. तिसऱ्या पट्ट्यावर डाग जास्त झाला तर काय होतं, ते शिल्पाला समजावून सांगत होते.